विजापूरच्या लांब सावल्या

ड्रोननं नकाशा करायचा तर सावली नको असते. ऊन माथ्यावर आलं की उड्डाण करायचं, कॅमेरा सरळ खाली रोखायचा, एक फोटो दुसऱ्यावर ८० टक्के चढेल इतक्या जवळजवळ टिपत पट्ट्या मारायच्या. मग शेकडो फोटो जोडून एक सलग चित्र तयार होतं. इतकी वर्षं मी याच शिस्तीनं काम करत आलो. विजापुरात जानेवारीतल्या एका सकाळी ती शिस्त मोडली.

आदल्या दिवशी बारा कमानवर उडलो होतो. दुसऱ्या अली आदिलशहाची ही कबर. १६७२ साली तो वारला, आणि वर छत कधी चढलंच नाही. खाली उभं राहिलं की त्या काळ्या कमानी छातीवर येतात. दुपारच्या फोटोंत त्या पेन्सिलीच्या रेघांएवढ्या उरल्या होत्या. मापं अचूक होती, पण कमान कुठेच नव्हती. मला ते फार लागलं. रात्री लॉजवर तेच फोटो पुन्हा पुन्हा बघत बसलो.

म्हणून दुसऱ्या दिवशी सूर्य उगवून तासाभरात ड्रोन वर काढला. आमची परवानगी शहराच्या दक्षिण बाजूची होती, बेगम तलावाकडच्या वस्तीची. महंमद आदिलशहानं सतराव्या शतकात बांधलेला हा तलाव. तिथलं पाणी जमिनीखालच्या मातीच्या नळांतून शहरात यायचं, आणि वाटेत ठिकठिकाणी दगडी मनोरे होते. त्यांना गंज म्हणतात. पाणी गंजात चढायचं, नळातला दाब उतरायचा, गाळ तळाशी बसायचा. पंप नाही, वीज नाही, फक्त उताराचा हिशेब. तो हिशेब मांडणाऱ्यांबद्दल मला मनापासून आदर वाटतो.

आदल्या दुपारच्या नकाशात मी हे गंज शोधून दमलो होतो. सरळ वरून गंज म्हणजे एक लहानसा चौकोन, आणि गच्चीवरची टाकीही चौकोनच. असे चौकोन त्या वस्तीत शेकड्यांनी होते.

९० मीटरवर गेलो आणि पडद्याकडे बघतच राहिलो. सगळ्या घरांच्या सावल्या पश्चिमेला आडव्या झाल्या होत्या, आणि त्यांच्यातून एक सावली वेगळीच लांब निघाली होती. दोन गल्ल्या ओलांडून गेलेली, टोकाला बोथट. थोडं पुढे तशीच दुसरी. मग एका वखारीच्या मागे तिसरी. सूर्य इतका खाली असताना सावली उंचीच्या पाचपट पडते, त्यामुळे आठ-नऊ मीटरचा मनोरा लपणार कुठे? तिन्ही सावल्यांची मुळं जोडली तर रेघ तलावाकडून शहराकडे येत होती. बरोबरच्या मुलानं बॅटरी १८ टक्क्यांवर आल्याचं दोनदा सांगितलं, तेव्हा कुठे मी ड्रोन वळवला. कॅमेरा तिरपा होताच ईशान्येला गोलघुमट दिसला, धुक्यातून नुसता घुमटच वर आलेला.

नंतर पायी तिथे गेलो. पहिला गंज दोन घरांच्या मध्ये अडकलेला, भेगांतून पिंपळ फुटलेला, एका बाजूला कपडे वाळत घातलेले. उंबऱ्यावर एक म्हातारे चाचा बसले होते. मी हात लावून दगड बघतोय हे पाहून म्हणाले, "गंज है बेटा. छोटे थे तो हम लोगां इसकेच उप्पर से पतंग उडाते थे."

त्यांना मोबाइलवर सकाळचा फोटो दाखवला. स्वतःचं घर त्यांना लगेच सापडलं. मग त्या लांब सावलीवरून बोट फिरवत ते शेवटपर्यंत गेले आणि टोकाशी थांबले. तिथे त्यांच्या मुलीचं घर होतं.

काम देणाऱ्यांना मी दुपारचा नकाशाच दिला, कारण मापं त्यातच बरोबर होती. पण सकाळचे ते ६४ फोटो वेगळ्या फोल्डरमध्ये घालून सोबत पाठवले, आणि तिन्ही गंजांवर खुणा करून दिल्या.