कुठल्या पानावर?

गरीब आरोपींना मोफत वकील देणाऱ्या विधी सेवा समितीकडून ती फाइल माझ्याकडे आली तेव्हा मी खुनाचं एकही अपील चालवलेलं नव्हतं. आरोपी जन्मठेपेचं आठवं वर्ष भोगत होता. पेपरबुक, म्हणजे खटल्याच्या सगळ्या कागदांची बांधलेली प्रत, ३१२ पानांचं. आठवडाभर रात्री जागून वाचलं आणि सरांना, माझ्या वरिष्ठ वकिलांना, सांगितलं, "तो दुकानदार साक्षीदार चक्क खोटं बोलतोय."

सरांनी विचारलं, "कुठल्या पानावर?"

मला सांगता येईना. सर म्हणाले, "साक्ष देताना त्याचा चेहरा सत्र न्यायाधीशांनी पाहिलाय. तू पाहिलेला नाहीस, अपील ऐकणारं उच्च न्यायालयाचं खंडपीठही पाहणार नाही. त्याच्या चेहऱ्यावरून त्यांनी जे ठरवलं ते सहजी हलत नाही. पण कागदावरून जो निष्कर्ष काढलाय, तो खंडपीठ नव्याने तपासू शकतं, आणि शिक्षेविरुद्धच्या अपिलात त्यांनी तो तपासायलाच हवा. कागद शोध."

प्रकरण परिस्थितीजन्य पुराव्याचं होतं. उसाच्या फडात एका शेतकऱ्याचा मृतदेह मिळाला, संशय वाटेकऱ्यावर आला. प्रत्यक्ष पाहणारं कुणी नाही. पाण्याच्या पाळीवरून झालेली जुनी भांडणं, दोघांना शेवटचं एकत्र पाहिल्याची दुकानदाराची साक्ष आणि आरोपीने काढून दिलेला कोयता, एवढ्यावर शिक्षा झाली होती.

मी दुकानदाराची साक्ष पुन्हा ओळीओळीने वाचली. कोर्टात तो म्हणतो, रात्री साडेनऊला दोघे शेताच्या रस्त्याने जाताना दिसले. पोलिसांनी घेतलेल्या जबाबात मात्र फक्त संध्याकाळी दुकानात आल्याचा उल्लेख, शेताच्या रस्त्याचा शब्दही नाही. खालच्या कोर्टातल्या वकिलांनी उलटतपासात त्याला हे विचारलं होतं. पुढे तपास अधिकाऱ्यालाही विचारलं होतं आणि त्याने कबूल केलं होतं, "साक्षीदाराने तसं मला सांगितलं नव्हतं." पान १४१. त्या एका ओळीपाशी मी किती वेळ बसून होते! तो प्रश्न तेव्हा विचारला गेला नसता तर अपिलात ही विसंगती मला वापरताच आली नसती, कारण पोलिसांपुढचा जबाब हा स्वतःहून पुरावा होत नाही. त्या वकिलांना मी कधी भेटले नाही, पण त्यांचे उपकार मानते.

मग कोयता. निवेदन पंचनाम्यात, म्हणजे पोलिसांनी पंचांसमोर नोंदलेल्या निवेदनात, आरोपीचं वाक्य होतं: ज्या कोयत्याने मारलं तो बांधावर पुरून ठेवलाय, काढून देतो. सत्र न्यायालयाच्या निकालात हे अख्खं वाक्य कबुलीसारखं वापरलं होतं. पुरावा कायद्याचं जुनं कलम २७ एवढी मुभा देत नाही. ब्रिटिश काळात शेवटचं अपील जिथे चालायचं त्या प्रिव्ही कौन्सिलने पुलुकुरी कोट्टय्या प्रकरणात सांगितलंय की, ज्या भागामुळे वस्तू सापडली तेवढाच ग्राह्य. म्हणजे "पुरून ठेवलाय, काढून देतो" राहिलं, "ज्याने मारलं" गळालं. शिवाय जप्तीनंतर १७ दिवस तो कोयता कुणाच्या ताब्यात होता, लाखेचं सील केव्हा लागलं, हे सांगणारा एकही साक्षीदार तपासलेला नव्हता. तपासणी अहवालात कोयत्यावरचं रक्त माणसाचं निघालं, पण रक्तगट ठरला नव्हता. आणि फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जुन्या कलम ३१३ खाली न्यायाधीश विरोधातला पुरावा सांगून आरोपीचा जबाब घेतात, त्यात हा अहवाल त्याच्यापुढे ठेवलाच नव्हता. जे त्याला विचारलंच नाही, ते त्याच्याविरुद्ध कसं धरायचं?

इथे पुण्यातलं सारडा प्रकरण कामाला आलं. त्यात सत्र न्यायालयाने फाशी दिली, उच्च न्यायालयाने ती कायम केली आणि १९८४ साली सर्वोच्च न्यायालयाने आरोपीला सोडलं. परिस्थितीजन्य पुराव्याची पाच तत्त्वं त्याच निकालातली. गुन्हा आरोपीने केला "असू शकेल" आणि "केलाच असला पाहिजे" यांत फार मोठं अंतर आहे, हे त्यात १९७३ च्या शिवाजी बोबडे निकालाचा आधार घेऊन सांगितलंय. आरोपीचा बचाव खोटा ठरला, तरी तेवढ्याने सरकार पक्षाच्या साखळीतली गळालेली कडी जोडली जात नाही, हेही त्यातच.

सुनावणी दोन दुपारी चालली. मी उभी राहून म्हटलं, "साक्षीदाराने कोर्टात नवीनच गोष्ट सांगितली आहे." न्यायमूर्तींनी वर न बघता विचारलं, "कुठल्या पानावर?" या वेळी पान तोंडपाठ होतं. सरकारी वकिलांनी भांडणाच्या हेतूवर भर दिला, तोही नीट मांडला. पण भांडण तर अर्ध्या शिवाराचं होतं, असं दुसऱ्या न्यायमूर्तींनीच म्हटलं.

निकालाच्या दिवशी आरोपीची आई पहाटेच्या एसटीने आली होती. इंग्रजी निकालपत्रातला शेवटचा परिच्छेद मी कानात मराठीत सांगत होते. "सुटला, मावशी." त्या खालीच बसल्या.

बाहेर व्हरांड्यात मयताचा भाऊ उभा होता. प्रत्येक तारखेला यायचा. मला म्हणाला, "मॅडम, तुमचा माणूस सुटला ते ठीक. पण माझ्या भावाला मारलं कुणी?" मी हात जोडले. त्याला द्यायला माझ्याकडे काही नव्हतं. तेवढ्यात कारकुनाने हाक मारली, कारागृहाला पाठवायच्या सुटकेच्या आदेशात आरोपीचं नाव तपासून द्यायचं होतं.