सत्त्याऐंशी रुपये

पतसंस्थेत कॅशियर म्हणून मला बावीस वर्षं झाली. संध्याकाळी कॅश जुळवताना दहा रुपयांचा फरक निघाला तर तो सापडेपर्यंत मी घरी जात नाही, आणि शिपायालाही जाऊ देत नाही. स्वतःच्या क्रेडिट कार्डाच्या स्टेटमेंटवर मात्र मी वर्षानुवर्षं दोनच गोष्टी बघत आले: किती भरायचे आणि कधीपर्यंत.

२०२५ च्या ऑगस्टमध्ये आकडा नेहमीपेक्षा जरा फुगलेला वाटला. २० तारीख, बुधवार. स्टेटमेंट दोन दिवसांपूर्वीच मेलवर येऊन पडलं होतं. रात्रीची भांडी आवरून मी आतलं पान उघडलं. ९ ऑगस्ट, १,२४९ रुपये. समोर कुठल्याशा रिटेल कंपनीचं नाव, तेही मधेच तुटलेलं, आणि पुढे गुरुग्राम. मी सांगलीची. गुरुग्रामला आयुष्यात पाय ठेवलेला नाही, आणि त्या नावाचं दुकानही कधी ऐकलेलं नाही.

पहिला संशय लेकीवर. ती पुण्यात शिकते आणि तिच्याकडे माझ्याच खात्यावरचं ॲड-ऑन कार्ड आहे. पानाचा फोटो पाठवला आणि लगेच फोन लावला.

"आई, दर वेळी मीच का गं? कार्डाचे शेवटचे चार आकडे तरी बघायचेस."

बघितले. आमच्या बँकेच्या स्टेटमेंटवर प्रत्येक कार्डाचा खर्च वेगळा दाखवतात, आणि ही नोंद माझ्याच नंबराखाली होती. नवरा बातम्या बघता बघता म्हणाला, "कार्ड ब्लॉक कर आणि मोकळी हो." सोपं होतं. पण कोणता पैसा कुठे गेला हे कळल्याशिवाय खातं बंद करायचं, हे माझ्या हाताला जमत नाही. मी ते नाव शोधायला बसले आणि त्यात चांगला तासभर घालवला. कंपनीचा नोंदणीकृत पत्ता मिळाला, ती काय विकते ते काही मिळेना.

चूक नावाने शोधण्यातच होती. स्टेटमेंटच्या ओळीत जेमतेम वीस-पंचवीस अक्षरं मावतात, आणि तिथे बहुतेक वेळा दुकानाची पाटी नसते. तिथे असते कंपनीची कागदोपत्री नोंद, किंवा मधल्या पेमेंट गेटवेचं, म्हणजे दुकानासाठी ऑनलाइन पैसे घेणाऱ्या कंपनीचं, नाव. शहरही तसंच. आपण घेतलेली वस्तू भिवंडीच्या गोदामातून आलेली असली तरी स्टेटमेंटवर गुरुग्राम नाहीतर बंगळुरू दिसतं, कारण कंपनीचं ऑफिस तिथे. तारीखही कधी खरेदीची असते, कधी पैसे वळते झाल्याची, म्हणजे एक-दोन दिवस पुढची.

शेवटी मी आमच्या पद्धतीने शोधलं. फरक निघाला की आम्ही नाव धरत नाही, रक्कम धरतो. मेलमध्ये १,२४९ टाकलं, काही नाही. मधला स्वल्पविराम काढून १२४९ टाकलं आणि ऑर्डरचा मेल समोर. ८ ऑगस्टची रात्र. फोनवर जाहिरात दिसली म्हणून मीच मागवलेल्या, गुडघे दुखणाऱ्यांसाठीच्या मऊ तळाच्या चपला. ब्रँडचं नाव गोड, दोन अक्षरी. कंपनीचं नाव तेच, गुरुग्रामचं. माळ्यावरून खोका काढून आतलं बिल बघितलं, तिथेही विकणारा म्हणून तेच नाव.

हे सगळं चाललं असताना सासूबाई दारात उभ्या राहून विचारत होत्या, "काय गं, चोरी झाली का?" पायात त्याच चपला.

मी हसत लेकीला परत फोन केला, तर ती हसेना. "आई, ते चपलांचं राहू दे. खाली डॉलरमधलं काय आहे?"

पानाच्या तळाशी आंतरराष्ट्रीय व्यवहारांचा वेगळा चौकोन असतो. माझ्या स्टेटमेंटवर तो एरवी रिकामा, त्यामुळे नजर तिथवर जायचीच नाही. या वेळी तिथे तीन ओळी होत्या. ६ ऑगस्ट, एक डॉलर, ८७ रुपये. त्याखाली परकीय चलनाचा मार्कअप, म्हणजे बँकेचं चलन बदलायचं शुल्क, साडेतीन टक्के, म्हणजे ३ रुपये ५ पैसे. त्याखाली त्या मार्कअपवरचा अठरा टक्के जीएसटी, ५५ पैसे. समोर कुठल्याशा परदेशी ऑनलाइन स्टोअरचं नाव.

"एक डॉलर कोण चोरेल?" मी म्हणाले.

"म्हणूनच चोरतात. कार्ड चालतंय का ते बघायला. आता ॲप उघड आणि बिलात न आलेले व्यवहार बघ."

ॲपमध्ये ते होतंच. त्याच दिवशी, म्हणजे २० तारखेला, पहाटे २ वाजून १७ मिनिटांनी ४९.९९ डॉलर, म्हणजे ४,३६७ रुपये. स्टेटमेंट १८ तारखेला निघालं होतं, त्यामुळे हा व्यवहार त्यात असणंच शक्य नव्हतं. नुसत्या स्टेटमेंटवर विसंबले असते तर पुढच्या महिन्यात कळलं असतं. एसएमएस दोन्ही वेळा आले होते. ६ तारखेचा ऑफर आणि लोनच्या मेसेजांत बुडाला, पहाटेचा मी उठायच्या आधीच वीस मेसेजांखाली गेला. माझ्याच चपलांचा शोध घेण्यात जो तास गेला, त्या तासात हे कार्ड उघडं पडलेलं होतं. रकमा मोठ्या नसल्या तरी तो तास मला अजून टोचतो.

ॲपमध्ये कार्ड तात्पुरतं लॉक केलं. अर्ध्या मिनिटाचं काम. तिथेच आंतरराष्ट्रीय वापराचं बटण चालू दिसलं. रिझर्व्ह बँकेच्या २०२० च्या नियमानंतर नवीन कार्डावर ऑनलाइन आणि परदेशी वापर मुळात बंदच असतो, आपण मागितल्यावर चालू होतो. म्हणजे ते मीच चालू केलेलं. आठवलं: आदल्या वर्षी लेकीला जर्मनीत अर्ज करायचा होता, तेव्हा तिथल्या विद्यापीठांसाठी परदेशी विद्यार्थ्यांचे अर्ज तपासणाऱ्या युनि-असिस्ट या संस्थेची ७५ युरो फी याच कार्डाने भरली होती. त्या फीचा या चोरीशी संबंध होता असं मी अजिबात म्हणत नाही. दार उघडलं ते मी, आणि लावायला विसरले तेही मीच.

मग कस्टमर केअर. नंबर कार्डाच्या मागे छापलेला असतो तोच लावला. इंटरनेटवर शोधून नंबर लावू नका, तिथे बँकेच्या नावाने भलतेच लोक फोन उचलतात. आमच्याच एका खातेदाराचे असे पैसे गेलेत. एक दाबा, चार दाबा, आपला कॉल महत्त्वाचा आहे, असं करत १९ मिनिटांनी माणूस भेटला. त्याने तीनदा विचारलं, "मॅडम, ओटीपी किसी को बताया था?" तिसऱ्यांदा मी जरा आवाज चढवला. ओटीपी आलाच नव्हता, तर सांगणार कुणाला? भारतातल्या ऑनलाइन व्यवहाराला ओटीपीसारखी दुसरी खात्री लागते. परदेशातलं दुकान मात्र अनेकदा नंबर, मुदत आणि मागचे तीन आकडे एवढ्यावर पैसे वळते करून घेतं. आपल्याकडच्या दुकानांना १ ऑक्टोबर २०२२ पासून आपला कार्ड नंबर स्वतःकडे साठवता येत नाही, त्याऐवजी टोकन, म्हणजे नंबराच्या जागी वापरायचा सांकेतिक आकडा, ठेवावं लागतं. परदेशातल्या दुकानाला हा नियम लागू नाही.

फोनवरच्या माणसाला मी दोन गोष्टी करायला लावल्या. कार्ड कायमचं बंद कर, कारण लॉक नंतर उघडता येतं आणि चोराकडचा नंबर तसाच जिवंत राहतो. आणि तक्रार क्रमांक दे, फोनवर सांग आणि एसएमएसनेही पाठव. दोन्ही झाल्यावरच फोन ठेवला. वेळ लिहून ठेवली: रात्री १० वाजून ४२ मिनिटं.

वेळ लिहून ठेवण्याचं कारण रिझर्व्ह बँकेचं तेव्हा लागू असलेलं ६ जुलै २०१७ चं परिपत्रक. आपली चूक नसेल, बँकेचीही नसेल, तिसरीकडूनच घोटाळा झाला असेल, तर व्यवहाराची सूचना मिळाल्यापासून कामकाजाच्या तीन दिवसांत कळवलं की ग्राहकावर काहीच भार नव्हता. चार ते सात दिवसांत कळवलं तर भाराला मर्यादा होती. माझ्यासारख्या पाच लाखांपर्यंत मर्यादेच्या कार्डावर ती जास्तीत जास्त १०,००० रुपये. सात दिवसांनंतर बँकेचं स्वतःचं धोरण काय ते. मुद्दा असा की हे दिवस आपण स्टेटमेंट वाचल्यापासून मोजायचे नव्हते, सूचना आल्यापासून मोजायचे होते. म्हणजे पहाटेच्या ४,३६७ रुपयांसाठी मी वेळेत होते. ६ तारखेच्या ८७ रुपयांसाठी कधीच उशीर झाला होता.

दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत बँकेच्या शाखेत गेले. तिथल्या साहेबांनी चहा विचारला आणि सांगितलं, "ताई, कार्डाचं डिपार्टमेंट वेगळं, आमच्या हातात काही नाही." चहा घेतला. तोवर वादग्रस्त व्यवहाराचा फॉर्म मेलवर आला होता. त्यात कारणाचे चौकोन असतात: मी हा व्यवहार केलेला नाही, केला पण माल मिळाला नाही, रक्कम चुकली, एकच रक्कम दोनदा गेली. नवरा म्हणाला, पहिल्या दोन्हींवर खूण कर, केस मजबूत होईल. उलट झालं असतं. माल मिळाला नाही म्हटलं की मागवला होता हे आपणच कबूल केलं, आणि मग दुकानदाराशी झालेला पत्रव्यवहार वगैरे मागतात. मी फक्त पहिल्यावर खूण केली. कार्ड पूर्ण वेळ माझ्याच ताब्यात होतं हे लिहून दिलं, अर्जावर होती तशीच सही केली, दोन्ही एसएमएसचे स्क्रीनशॉट जोडले. राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवरही तक्रार टाकली आणि तिचा पोच क्रमांक जोडला. पैसे नुकतेच गेले असतील तर आधी सायबर फसवणुकीच्या १९३० या हेल्पलाइनला फोन करायचा असतो. मला तो दुसऱ्या दिवशी आठवला.

चपलांचे १,२४९ मी त्या रात्री घाईत तक्रारीत घातले असते तर? दुकानदाराने पार्सल पोचल्याचा पुरावा दिला असता आणि माझी खरी तक्रारही खोटीच्या पंगतीत बसली असती. तेवढ्यापुरता तो तास वाया गेला नाही असं मी मनाला समजावते.

बिल मात्र मुदतीत पूर्ण भरलं, त्या ८७ रुपयांसकट. तक्रारीतल्या रकमेवर बँकेने शुल्क लावायचं नसतं, पण थोडी बाकी ठेवून व्याजाच्या हिशेबात अडकायचं आणि मग ते काढत बसायचं, हे नको वाटलं.

त्याच परिपत्रकानुसार कळवल्यापासून कामकाजाच्या दहा दिवसांत बँकेला रक्कम तात्पुरती जमा करावी लागायची, तिचा विम्याचा दावा निकाली निघायची वाट न बघता. मी कॅलेंडरवर मोजलं. २३ चा चौथा शनिवार वजा, २७ ची गणेश चतुर्थी वजा, रविवार वजा. दहावा दिवस ३ सप्टेंबर. मधे गौरी आल्या, गेल्या. ३ तारीख उलटली, खात्यात काही नाही. फोन केला तर "प्रोसेस में है." ४ तारखेला तक्रार अधिकाऱ्याला मेल लिहिला. रागाचा एक शब्द नाही. तक्रार क्रमांक, रात्री १० वाजून ४२, परिपत्रकाची तारीख, दहावा दिवस कोणता ते, आणि तीस दिवसांत समाधान झालं नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाण्याचा मार्ग मला माहीत आहे एवढी एक ओळ. पुढच्या आठवड्यात ४,३६७ जमा. गंमत म्हणजे ८७ सुद्धा जमा. ते कोणत्या धोरणात बसले ते मी विचारलं नाही.

नवीन कार्ड तोवर आलं होतं. नंबर बदलल्यामुळे विजेच्या बिलाचा आणि मोबाईलचा ऑटोपे पुन्हा नोंदवावा लागला. विजेचं लक्षात राहिलं, मोबाईलचं राहिलं नाही, आणि एका दुपारी सासूबाईंचा फोन बंद पडला. त्या चोरीचा घरात सगळ्यात मोठा गाजावाजा त्या दुपारी झाला.

ऑक्टोबरच्या मध्यावर एका ओळीचा मेल आला की निकाल तुमच्या बाजूने, तात्पुरती जमा आता कायम. नवरा म्हणाला, "झालं ना तुझं?" मी वही काढली. ४,३६७ आले, पण त्यावरचा मार्कअप १५२ रुपये ८५ पैसे आणि त्यावरचा जीएसटी २७ रुपये ५१ पैसे? मूळ व्यवहारच माझा नाही, तर त्याच्या शेपटाचे पैसे मी का भरायचे? फोनवरच्या मुलीला वाटलं मी चेष्टा करतेय. दोन मेल गेले, तिसऱ्यानंतर १८० रुपये ३६ पैसे आले.

८७ वरचे ३ रुपये ६० पैसे अजून यायचे आहेत. चौथा मेल सोमवारी पाठवला.