तुम्ही विचारलंत म्हणून: ड्रॅगनसाठी नव्हे

काल्पनिक राज्यांतल्या सिंहासनाच्या भांडणावरची ‘गेम ऑफ थ्रोन्स’, तिचा शेवट एवढा गंडला, तरी तुम्ही अजून ती मालिका लावून का बसता? मे २०१९ मध्ये शेवटचा भाग आला, तेव्हापासून हा प्रश्न मला घरचे, दारचे आणि मालिका न पाहिलेलेसुद्धा विचारतात. माझ्या उत्तरात ड्रॅगन येत नाहीत म्हटल्यावर विचारणारा जरा हिरमुसतो.

मी बघतो ती बोलणी. पहिल्या सीझनच्या पाचव्या भागात राजा रॉबर्ट आणि राणी सर्सी समोरासमोर वाइन पीत बसतात आणि वर्षानुवर्षं कुजत आलेल्या आपल्या लग्नाबद्दल बोलतात. आपलं कधी जमू शकलं असतं का, असं ती विचारते. तो नाही म्हणतो. ना आदळआपट, ना रडारड. हा प्रसंग मूळ कादंबरीत नाहीच. त्या सीझनचे काही भाग लांबीला कमी पडले, तेव्हा बेनिऑफ आणि वाइस या कर्त्याधर्त्यांनी स्वस्तात होतील असे प्रसंग वाढवले: एक खोली, दोन नट. पैशांची ओढाताण तर अशी, की लढाईला तोंड लागायच्या आतच सर्सीच्या भावाला, टिरियनला बेशुद्ध पाडलंय. तो डोळे उघडतो तोवर लढाई आटोपलेली! या मालिकेची निम्मी पुण्याई मी त्या चणचणीच्या खात्यात टाकतो.

दुसरं म्हणजे तिथे केलेलं फेडावं लागायचं. राजाचा जुना मित्र नेड स्टार्क सर्सीचं गुपित राजाला सांगण्याआधी तिच्या मुलांवर दया येऊन तिला सावध करतो, आणि नवव्या भागात त्याचं मुंडकं उडतं. नेड म्हणजे शॉन बीन, त्यातला त्यात नावाजलेला नट, पोस्टरवर सिंहासनावर बसलेला. आपल्या टीव्हीवर खलनायिकासुद्धा प्लास्टिक सर्जरी करून परत येते, त्यामुळे आपण पुढचे काही भाग नेडची वाट बघण्यात घालवले असते. (नेडच्या घरात वाढलेला जॉन स्नो मेला आणि परत आला, हे मला कुणी ना कुणी ऐकवणारच. आला. पण ज्यांनी त्याला भोसकलं ते फासावर गेले आणि त्यानेही उत्तरेच्या भिंतीवरच्या पहारेकऱ्यांचा अंगरखा उतरवून ठेवला.)

अंतरांचंही तसंच. पहिल्याच भागात राजाचा लवाजमा नेडच्या गढीत, विंटरफेलला पोचतो तो महिनाभर रखडत. दर भागाच्या सुरुवातीला दिसणाऱ्या नकाशात त्या त्या भागातली ठिकाणं उभी राहायची. ती बघूनच कोण कोणापासून किती लांब आहे हे कळायचं. निरोप उशिरा पोचायचा, आणि त्या उशिरात माणसं मरायची. सातव्या सीझनमध्ये हे सगळं बारगळलं. भिंतीपलीकडे वेढ्यात सापडलेल्यांपैकी एक जण पळत मागे येतो, कावळा चिठ्ठी घेऊन ड्रॅगनस्टोनला जातो आणि तिथून सिंहासनावर हक्क सांगणारी डेनेरिस ड्रॅगनवर बसून वेळेवर हजर! तोवर पैसा भरपूर होता. भाग मात्र कमी झाले होते. आधी दरवर्षी १० असायचे, सातव्यात ७, आठव्यात ६.

त्या ६ भागांसाठी आपल्याकडे लोक सोमवारी पहाटे उठले; अमेरिकेबरोबरच सकाळी साडेसहाला हॉटस्टारवर भाग लागायचा. ज्यांना ते जमलं नाही त्यांनी दिवसभर व्हॉट्सॲपला हात लावला नाही. मग रागही तेवढाच आला. आठवा सीझन नव्याने करा म्हणून निघालेल्या अर्जावर १५ लाखांहून जास्त सह्या पडल्या. मी केली नाही. डेनेरिस शहर जाळते हे मला खटकत नाही. तिच्या वागण्यात ती ठिणगी सुरुवातीपासून होती. खटकतं ते एवढंच, की रॉबर्टला महिना लागलेल्या देशात तिला वेडाच्या गावी जायला दोन भाग पुरले.

पण त्याच सीझनचा दुसरा भाग बघा. उद्या सगळे मरणार असं धरून चाललेली माणसं शेकोटीशी पीत बसलेली असतात. बाईला नाइट, म्हणजे मानाचा योद्धा, होता येत नाही म्हणून तलवारबाज ब्रिएन कधीच नाइट झालेली नाही. सर्सीचा भाऊ जेमी तिला गुडघ्यावर बसायला सांगतो आणि तिथल्या तिथे नाइट करतो. आकाशातले ड्रॅगन त्या खोलीत कुणाला आठवतही नाहीत.

म्हणून आता बघू का, असं विचारलंत तर पहिले चार सीझन सलग बघा. पाचव्यात ‘हार्डहोम’ हा भाग चुकवू नका, सहाव्यात होडोर या नोकराचा भाग. आठव्यातला हा दुसरा संपला की तिसरा लावण्याआधी खिडक्यांचे पडदे ओढून घ्या. इतका काळोखा आहे तो, की नाहीतर स्वतःचंच तोंड दिसत राहील.