गेट मोकळं करा, एवढंच मागितलं

अशील माझ्याकडे आले तेव्हा त्यांचा कारखाना बंद पडल्यात जमा होता. कच्च्या मालाची गाडी आली की गेटवर दहा-पंधरा जण आडवे यायचे. माल उतरवायला कारखान्याची स्वतःची क्रेन, स्वतःची माणसं. तरी म्हणणं एकच, उतराईचे पैसे आम्हाला द्या, नाहीतर गाडी आत जाणार नाही. पोलीस ठाण्यात अर्ज दिला की उत्तर ठरलेलं: "हा दिवाणी वाद आहे, कोर्टात जा."

या उत्तराची मला मनापासून चीड आहे. कोणाची वाट बेकायदा अडवणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम १२६ खाली गुन्हा आहे, धमकावून पैसे उकळणं कलम ३०८ खाली. यात दिवाणी काय आहे? आणि १९६९ चा माथाडी कायदा पाठीवर ओझं वाहणाऱ्या माणसासाठी झाला. त्याचं नाव पुढे करून खंडणी मागणारे खऱ्या माथाडींच्या पोटावर पाय देतात.

अशिलांना मात्र सगळंच एकदम हवं होतं. त्या लोकांना कायमचं हटवा, त्यांचा झेंडा काढा, नुकसानभरपाई मिळवून द्या. मी नाही म्हटलं. उतराईचा हक्क कोणाचा, हा वाद रिट याचिकेत, म्हणजे सरकारी यंत्रणेला तिचं कर्तव्य करायला लावण्यासाठी थेट उच्च न्यायालयात केलेल्या अर्जात, सुटत नाही. त्याला पुरावा लागतो, त्याची जागा वेगळी. म्हणून राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खालच्या याचिकेत मागणी एवढीच ठेवली, की गाड्या आणि कामगारांची ये-जा सुरळीत राहील असं संरक्षण पोलिसांनी द्यावं. अडवणाऱ्यांच्या म्होरक्यांनाही प्रतिवादी केलं, म्हणजे त्यांची बाजू ऐकलीच नाही असं कोणी म्हणायला नको.

सुनावणीला सरकारी वकिलांनी दिवाणी वादाचाच पाढा वाचला. समोरचे वकील म्हणाले, आंदोलन शांततेत चालू आहे. मी गेट रजिस्टरची पानं पुढे केली. गाडीचा नंबर, यायची वेळ, परत गेल्याची वेळ, आणि शेऱ्याच्या रकान्यात वॉचमनच्या अक्षरात ओळीमागून ओळ: "अडवली. माल न उतरवता परत." न्यायमूर्तींनी पान उलटलं, पुन्हा मागे घेतलं आणि सरकारी वकिलांना विचारलं, "गाडी रस्त्यात अडवली तर पोलिसांनी दिवाणी निकालाची वाट बघायची का?"

त्यावर उत्तर आलं नाही.

मग मी स्वतःहून सांगितलं, की त्यांच्या घोषणांना आमची हरकत नाही. अनुच्छेद १९ व्यवसायाचं स्वातंत्र्य देतो, तसाच शांततेने, विनाशस्त्र जमण्याचा हक्कही देतो. आम्हाला गेट मोकळं हवं. माझ्या मते सुनावणी तिथेच फिरली. आदेशही तसाच झाला: आंदोलन गेटपासून बाजूला करावं, वाहनं अडवू नयेत, कंपनीने लेखी कळवल्यावर पोलिसांनी बंदोबस्त द्यावा. उतराईचा प्रश्न योग्य त्या ठिकाणी मांडायला दोन्ही पक्ष मोकळे.

आदेश हातात आला म्हणजे काम झालं असं नसतं. त्याची प्रत आणि येणाऱ्या गाड्यांच्या वेळा लिहिलेला अर्ज ठाण्यात देऊन पोच घेतली. पहिल्या गाडीला दोन शिपाई गेटवर हजर होते. घोषणा चालू होत्या, अगदी जोरात. पण रस्त्याच्या कडेला. गाडी आत गेली.

खंडणीच्या तक्रारीचं काम बाकी आहे. पुढच्या आठवड्यात अशिलांचा जबाब आहे, आणि परत पाठवलेल्या एका गाडीचा ड्रायव्हरही साक्ष द्यायला तयार झालाय.