हाड, टक् टक् आणि शीळ

काल दुपारी गच्चीवर कुरडयांची राखण माझ्याकडे होती. कठड्यावर एक कावळा अंदाज घेत बसलेला. "शूऽऽ" केलं, ढिम्म. "हाऽऽड" म्हटलं, तेव्हा उठला. जाऊन समोरच्या टाकीवर बसला.

हा 'हाड' कुणी शिकवला, आठवत नाही.

निफाडला मामाकडे दोन बैल होते. मामी म्हणायची, "ह्यांचं सगळं बोलणं बैलांशी." त्यात शब्द म्हणाल तर एक नाही. टाळूवरून जीभ ओढून टक् टक् केलं की चला. "होऽ होऽ" म्हणजे थांबा. आणि संध्याकाळी हौदावर नेलं की शीळ. सूरबीर काही नाही, नुसती मंद, लांब शीळ, बैलांनी तोंड वर काढेपर्यंत. मी विचारलं, नाही वाजवली तर पिणार नाहीत का? "पितील रे. पण पोटभर नाही पिणार."

तो टक् कसा लिहायचा, मला अजून कळलेलं नाही. दक्षिण आफ्रिकेतल्या खोइसान भाषांत असले आवाज चक्क व्यंजनं आहेत. आपण ते बैलांना दिले, आणि एक हळहळीला ठेवला: च्च्.

भाषा अशाच आवाजांतून निघाली, असं म्हणणाऱ्यांची भाषाशास्त्रज्ञ मॅक्स म्युलरने 1861 च्या लंडनच्या व्याख्यानांत टिंगल केली; त्यांच्या मताला नावच ठेवलं 'भू-भू सिद्धांत'. काव काव करतो तो कावळा, कबूल. पण 'कुत्रा' या शब्दात भू-भू कुठाय? पुढे 1866 मध्ये पॅरिसच्या भाषाशास्त्र मंडळाने नियमच केला: भाषेच्या उगमावरचे निबंध घेणार नाही. मला हे फार आवडतं. आमच्याकडेही जेवताना वाटणीचा विषय काढायचा नाही असा नियम आहे. विषय संपत नाही, जेवण होतं.

आता भाषेच्या उगमाचा विषय पुन्हा निघालाय. इथे आमच्या नाशिकच्या गंगापूर धरणाजवळ, गोदेच्या काठी, पुरातत्त्वज्ञ सांकलियांना अश्मयुगातली दगडी हत्यारं सापडली होती. दगड असा घडवायला शिकवायचं तर बोलावंच लागलं असेल, असं काही अभ्यासक म्हणतात. काही म्हणतात, नुसतं बघूनही जमतं. मी दुसऱ्या बाजूचा. मामाने मला दाव्याची गाठ शिकवली ती माझी बोटं धरून. चुकलं की च्च्. ती गाठ मला आजही येते, पण कशी मारायची ते सांग म्हणाल तर सांगता येणार नाही.

बैल विकून खूप वर्षं झाली. दिवाळीत गेलो तेव्हा मामा ट्रॅक्टरच्या रेडिएटरमध्ये पाणी ओतत होता, तोंडाने शीळ चालू. मी काही विचारलं नाही.

एवढ्यात चार कुरडया गेल्या. घरी दोनच सांगितल्या.