तरंगंबाडीचा चुना आणि आमच्या घराचा लोणा

तंजावरला सरस्वती महाल ग्रंथालय पाहायला गेलेला मराठी माणूस बहुधा तिथूनच माघारी फिरतो. आम्ही मात्र यंदा आणखी शंभरेक किलोमीटर पूर्वेला, समुद्रकाठच्या तरंगंबाडीपर्यंत गेलो. १६२० मध्ये तंजावरच्या रघुनाथ नायकाने डॅनिशांना येथे किल्ला बांधू दिला आणि १८४५ मध्ये डॅनिशांनी ही वसाहत, बंगालमधील सेरामपूरसह, साडेबारा लाख रुपयांना इंग्रजांना विकली. पुढे व्यापार नागपट्टणमकडे वळला, नवे बांधायला कोणाकडे पैसा उरला नाही आणि त्यामुळेच जुने गाव टिकले. जतनाची सुरुवात अशी उपेक्षेतून झाली, हे मला गमतीचे वाटते.

१७९२ च्या पांढऱ्या वेशीतून आत शिरले की किंग स्ट्रीट थेट समुद्राकडे जाते. वाटेत १७०१ चे झायन चर्च लागते आणि मिशनरी झीगेनबाल्ग यांनी बांधलेले, १७१८ चे न्यू जेरुसलेम चर्चही. याच मिशनचे श्वार्ट्झ १७५० मध्ये येथे उतरले. तंजावरच्या दुसऱ्या सरफोजीराजांचे शिक्षक आणि पालक म्हणून आपण ज्यांना ओळखतो, ते हेच. डान्सबोर्ग किल्ल्यात संग्रहालय आहे. तासाभरात पाहून होते.

माझे पाय खरे रेंगाळले ते गोल्डस्मिथ स्ट्रीटवर, म्हणजे आपल्या भाषेत सोनार आळीत. २००४ च्या त्सुनामीनंतर वारसाजतन करणाऱ्या 'इंटॅक' या संस्थेने येथील काही पडझड झालेली घरे दुरुस्त केली. बसकी कौलारू छपरे, रस्त्याला लागून ओटे, ओट्यावर लाकडी खांब; कोकणातल्या माणसाला परके वाटावे असे त्यांत काही नाही. एका भिंतीला हात लावला, तर भर दुपारीही ती गार होती. चुन्याचा गिलावा ओल बाहेर पडू देतो. सिमेंट ती कोंडून धरते, मग खारे पाणी विटेतच सुकते, मिठाचे स्फटिक धरतात आणि वीट आतून भुगा होऊ लागते. पलीकडच्या एका घराच्या जोत्याला सिमेंटचे ठिगळ होते आणि त्याच्या कडेने विटेची लाल पूड ओघळलेली होती.

ही पूड माझ्या चांगल्या ओळखीची आहे. रेवदंड्याच्या आमच्या घराला, शेजाऱ्यांचे पाहून, आम्हीच हौसेने सिमेंटचा गिलावा करून घेतला आणि तेव्हापासून दर पावसाळ्यानंतर भिंतींना लोणा लागतो, पोपडे पडतात, आम्ही पुन्हा रंग देतो.

अर्थात समुद्र चुन्यालाही जुमानत नाही. किल्ल्याच्या उत्तरेला पांड्यकालीन मासिलामणिनाथ मंदिर आहे. त्याचा समुद्राकडचा बराचसा भाग लाटांनी केव्हाच नेला आणि आता पुढ्यात दगडांचा बांध घातलेला आहे.

परत आल्यावर मी आमच्या गवंड्याला चुन्याच्या गिलाव्याबद्दल विचारले. तो हसला. त्याच्या आजोबांची बैलांवर चालणारी चुन्याची घाणी होती म्हणे. तिचे दगडी चाक त्याच्या परसात अजून पडून आहे आणि सध्या त्यावर कपडे धुतात. ते पाहायला मी रविवारी जाणार आहे.