किहीमकरांचे पुस्तक आणि एका प्रश्नाचा प्रवास

गेले वर्षभर मी ज्यू वारसा, इस्रायलच्या स्थापनेचा इतिहास आणि पश्चिम आशियाचे राजकारण या तीन विषयांवरची पुस्तके आलटून पालटून वाचते आहे. आरंभी या तिन्ही विषयांची पुस्तके मी वेगवेगळी ठेवली होती, कारण एकात सणवार आणि प्रार्थना, दुसऱ्यात युद्धे आणि नेते, तिसऱ्यात ठराव आणि मतदान असणार, अशी माझी समजूत होती. ही समजूत हाईम सॅम्युएल किहीमकर यांच्या पुस्तकाने मोडून काढली. भारतातील बेने इस्रायल या मराठी बोलणाऱ्या ज्यू समाजाचा हा इंग्रजी इतिहास किहीमकरांनी 1897 मध्ये लिहून पूर्ण केला. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये स्वित्झर्लंडमधील बाझल येथे थिओडोर हर्झल यांनी पहिली झायोनिस्ट काँग्रेस, म्हणजे ज्यूंसाठी राष्ट्रभूमी मागणाऱ्या चळवळीची परिषद, भरवली होती. या दोन घटनांचा एकमेकींशी थेट संबंध काहीच नाही, आणि तरीही पुढे एकीची सावली दुसरीवर पडली.

इस्रायलविषयीची बहुतेक पुस्तके युरोपातून सुरू होतात. रशियातील हत्याकांडे, फ्रान्समधील ज्यू लष्करी अधिकारी ड्रायफस यांच्यावरचा देशद्रोहाचा खोटा खटला, ज्यू राष्ट्राची कल्पना मांडणारी हर्झल यांची 1896 ची पुस्तिका, मग पॅलेस्टाइनमधील ज्यू राष्ट्रभूमीला ब्रिटनचा पाठिंबा जाहीर करणारे 1917 चे बाल्फोर घोषणापत्र, असा तो क्रम असतो आणि त्याच्या मुळाशी छळ असतो. किहीमकरांचा इतिहास मात्र रायगडच्या किनाऱ्यावर, नवगावजवळ फुटलेल्या गलबतापासून सुरू होतो. सात पुरुष आणि सात स्त्रिया वाचल्या, त्यांनी तेलाचे घाणे चालवले, शनिवारी घाणा बंद ठेवला म्हणून लोक त्यांना शनवार तेली म्हणू लागले, ही परंपरेने चालत आलेली कथा आहे. हे आगमन इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातले, असे किहीमकर मानतात. पुढच्या अभ्यासकांत त्या काळाविषयी एकमत नाही आणि मलाही गलबताच्या तारखेपेक्षा त्यांनी नोंदवलेले रोजचे आयुष्य अधिक मोलाचे वाटते.

सणांच्या नावांचेच पाहा. ज्यू नववर्षाला हा समाज ‘नव्याचा सण’ म्हणत असे आणि त्यानंतर ‘खिरीचा सण’ येई. प्रायश्चित्ताच्या दिवशी दारे लावून सारे कुटुंब उपास करी, म्हणून तो ‘दरफाळणीचा सण’. पूरिम हा ज्यू सण होळीच्या सुमारास येतो म्हणून ‘होळीचा सण’. जेरुसलेमच्या मंदिराच्या विध्वंसाचा जो शोकदिवस, तो ‘बिरड्याचा सण’, कारण त्या दिवशी मोड आलेल्या वालांचे बिरडे होई. एलियाहू हन्नबी या प्रेषिताचा तर उरूस असे. माझे आजोळ अलिबाग तालुक्यातले असल्यामुळे वाल भिजवणे, मोड काढणे आणि सोलत बसणे माझ्या लहानपणाच्या पावसाळ्यांचा भाग आहे. हजारो मैलांवरच्या एका उद्ध्वस्त मंदिराचा शोक त्याच बिरड्याने पाळला जात होता, हे वाचल्यावर मी पुस्तक मिटून बराच वेळ बसून राहिले. या एका यादीत मराठी, हिब्रू आणि अरबी-फारसी शब्द इतके सहज एकत्र आलेले आहेत की वारसा कसा टिकतो यावरचे कोणतेही विवेचन मला त्यापुढे अपुरे वाटते.

किहीमकरांनी हे सारे निव्वळ हौसेने लिहिले नव्हते. 1875 मध्ये त्यांनी मुंबईत समाजासाठी शाळा काढली होती आणि आपल्या लोकांची प्रतिष्ठा हा त्यांच्या आयुष्याचा विषय होता. इराक व आसपासच्या प्रदेशातून मुंबईत आलेल्या बगदादी ज्यूंपैकी अनेक जण बेने इस्रायलांच्या शुद्ध ज्यू असण्याविषयीच शंका घेत असत. त्यामुळे पुस्तकाच्या पानापानांतून पुरावा मांडण्याची निकड जाणवते: आम्ही खतना करतो, शब्बाथ (शनिवारचा विश्रांतीचा दिवस) पाळतो, शमा ही प्रार्थना म्हणतो, मग आम्ही कोण?

हे हस्तलिखित चाळीस वर्षे अप्रकाशित राहिले. अखेर 1937 मध्ये ते छापले गेले तेही मुंबईत किंवा पुण्यात नव्हे, तर तेल अवीव येथे, आणि त्याचे संपादन केले इमॅन्युएल ओल्सवांगर यांनी. याच ओल्सवांगरांना 1936 मध्ये ज्यू एजन्सीने, म्हणजे पॅलेस्टाइनमधील ज्यूंच्या प्रातिनिधिक संस्थेने, भारतात पाठवले होते, कारण भारतीय राष्ट्रीय नेत्यांची सहानुभूती मिळवणे तिला गरजेचे वाटू लागले होते. ते गांधीजींना आणि नेहरूंना भेटले, पण त्यांची मने वळवण्यात त्यांना यश आले नाही. पुढे त्यांनी भगवद्गीतेचा हिब्रू अनुवाद केला. किनाऱ्यावरच्या एका छोट्या समाजाचा इतिहास छापणारा माणूस आणि एका होऊ घातलेल्या राष्ट्राची बाजू मांडणारा दूत एकच असावा, ही गोष्ट माझ्या तिन्ही विषयांना एकत्र बांधणारी ठरली.

गांधीजींची भूमिका 26 नोव्हेंबर 1938 च्या ‘हरिजन’मधील लेखात स्पष्ट झाली. ज्यूंविषयी त्यांना मनापासून कळवळा होता, पण इंग्लंड जसे इंग्रजांचे तसे पॅलेस्टाइन अरबांचे, असे त्यांचे मत होते. जर्मनीतील ज्यूंना त्यांनी सत्याग्रहाचा मार्ग सुचवला. त्यावर तत्त्वज्ञ मार्टिन बुबर यांनी 1939 मध्ये जेरुसलेमहून जे पत्र लिहिले, ते मी दोनदा वाचले. गांधीजींविषयी अपार आदर बाळगणारा माणूस त्यांना सांगतो आहे की दक्षिण आफ्रिकेतील भारतीयांची स्थिती आणि छळछावणीतील ज्यूंची स्थिती एका मापाने मोजता येणार नाही. या एका मुद्द्यावर मला बुबर यांचे म्हणणे अधिक सच्चे वाटते. पॅलेस्टाइनमधील अरबांचे काय, हा गांधीजींचा प्रश्न मात्र त्याने निकालात निघत नाही, आणि स्वतः बुबर यांनाही तो प्रश्न आयुष्यभर छळत राहिला.

पॅलेस्टाइनच्या भवितव्यावरील 1947 च्या संयुक्त राष्ट्रांच्या समितीचा भाग वाचताना तारखांकडे लक्ष दिले पाहिजे. अकरा देशांच्या या समितीने ऑगस्टअखेर अहवाल दिला, म्हणजे भारताची फाळणी होऊन पुरते तीन आठवडेही झाले नव्हते. बहुमताने पॅलेस्टाइनच्या विभाजनाची शिफारस केली, तर भारत, इराण आणि युगोस्लाव्हिया यांनी संघराज्याची योजना मांडली. जून महिन्यात आइन्स्टाइन यांनी नेहरूंना पत्र लिहून ज्यूंच्या मागणीला पाठिंबा मागितला होता आणि नेहरूंनी सविस्तर उत्तर देऊन आपली अडचण सांगितली होती. 29 नोव्हेंबरला विभाजनाचा ठराव 33 विरुद्ध 13 मतांनी संमत झाला, दहा देश तटस्थ राहिले आणि भारताने विरोधात मत दिले. पुढे 17 सप्टेंबर 1950 रोजी भारताने इस्रायलला मान्यता दिली, पण पूर्ण राजनैतिक संबंध जानेवारी 1992 मध्येच जुळले. मधली चाळीस वर्षे मुंबईतील वाणिज्य दूतावासापुरतीच होती.

या काळात बेने इस्रायल समाजातील बहुसंख्य लोक टप्प्याटप्प्याने इस्रायलला गेले. त्यांना इथून कोणी हाकलले नव्हते, म्हणून छळाच्या सूत्रावर उभी असलेली इतिहासाची पुस्तके त्यांच्याविषयी चार ओळींत आटोपती घेतात. तिथे पोहोचल्यावर मात्र किहीमकरांचा जुना प्रश्न पुन्हा उभा राहिला. 1950 च्या परतीच्या कायद्याने प्रत्येक ज्यूला येण्याचा हक्क दिला होता, पण 1962 मध्ये इस्रायलच्या प्रमुख धर्मपीठाने बेने इस्रायलांचे इतर ज्यूंशी विवाह लावण्यापूर्वी त्यांच्या पूर्वजांची चौकशी करण्याचे निर्देश दिले. समाज रस्त्यावर उतरला, जेरुसलेममध्ये धरणे धरली गेली आणि ऑगस्ट 1964 मध्ये नेसेटने, म्हणजे इस्रायलच्या संसदेने, ठराव केला की बेने इस्रायल हे सर्वार्थाने ज्यू आहेत.

ते धरणे धरणारे लोक पेण, रोहा, अलिबाग इथून गेलेले होते आणि त्यांच्या घरात मराठी बोलली जात होती. त्यातल्या कितीकांनी किहीमकरांचे पुस्तक पाहिले असेल, याचा विचार मी अनेकदा केला. इस्रायलच्या राष्ट्रीय इतिहासावरची माझ्याकडची जी जाड पुस्तके आहेत, त्यांच्या शेवटच्या सूचीत मी आता प्रत्येक वेळी आधी ‘बेने इस्रायल’ शोधते. दोन पुस्तकांत ते नाव मिळाले, तिसऱ्यात नाही. तेल अवीवला छापलेल्या त्या इतिहासाचा मराठी अनुवाद करायला घ्यावा, असे मनात आहे, आणि सुरुवात सणांच्या प्रकरणापासून करायची आहे. तिथल्या रोमन लिपीतल्या ‘बिरडा’ या शब्दाचा तर अनुवादही करावा लागणार नाही.